नायकाला गाव नसतं

हिंदी सिनेमातल्या आईचं माहेर आमच्या बेळगाव जिल्ह्यात आहे. सुलोचना लाटकर ३० जुलै १९२८ रोजी खडकलाटला जन्मल्या. चिकोडी-निपाणीकडच्या तंबाखूच्या पट्ट्यातलं हे गाव, बेळगावपेक्षा कोल्हापूरला जवळ. त्या काळी सिनेमाचं वेड लागलेल्या माणसानं कोल्हापूरची वाट धरायची, हे ठरलेलंच होतं. भालजी पेंढारकरांच्या हाताखाली सुलोचनाबाई घडल्या, मराठीत नायिका झाल्या आणि हिंदीत गेल्यावर आई झाल्या. १९७० च्या 'जॉनी मेरा नाम'मध्ये त्यांचे चिरंजीव झालेले देव आनंद त्यांच्याहून पाच वर्षांनी मोठे होते. सुनील दत्तच्याही आई त्या झाल्या, आणि हा मुलगा आईपेक्षा जेमतेम वर्षभरानं लहान. अडीचशेच्या वर हिंदी चित्रपट झाले. १९९९ ला पद्मश्री, २००४ ला फिल्मफेअरचा जीवनगौरव, २००९ ला महाराष्ट्र भूषण मिळाला. ४ जून २०२३ ला त्या गेल्या तेव्हा आम्हा सीमाभागातल्या लोकांनी एकमेकांना आवर्जून सांगितलं की बाई आपल्याकडच्या.

आपल्याकडच्या होत्या हे खरंच. पण त्या अडीचशे चित्रपटांत आपल्याकडची बाई एकदा तरी दिसली का? त्यांच्या हिंदी संवादांत मी खडकलाट शोधला आहे, तो सापडत नाही. सापडायला नको होता, असं सिनेमाच्या त्या काळाचं म्हणणं होतं. आई पांढऱ्या साडीत, शिलाई मशीनवर नाहीतर देवासमोर. ती कोणत्या तालुक्यातली, भाकरी ज्वारीची थापते की बाजरीची, रागावली तर कोणत्या भाषेत शिव्या देते, याचा पटकथेत पत्ता नसे. नायकाला गाव नसतं, कारण प्रत्येक गावाला तो आपला वाटायला हवा. त्यात धंद्याचं गणित आहे आणि मला ते मान्यही आहे. पण नायकाच्या भोवतीच्या माणसांनाही गाव नसावं, हे मात्र मान्य होत नाही. पोस्टमन, हवालदार, काकू, दुकानदार, शाळेचा शिपाई ही माणसं कुठल्यातरी मातीतली नसतील, तर सिनेमा घडतो तरी कुठे?

मला या लेखात एवढंच मांडायचं आहे की दुय्यम भूमिका करणाऱ्या नटाची बोली आणि त्याचं नाव हे दोन्ही त्याच्या कामाचे भाग आहेत, आणि आपल्याकडे दोन्हींवर सर्रास काट मारली जाते. सीमाभागातल्या नटाला ही काट दुप्पट बसते, म्हणून मी इथून बोलतो आहे.

आधी बोलीचं. बेळगावहून मुंबई आणि बेंगळुरू ही दोन्ही शहरं साधारण सारख्याच अंतरावर, पाचशे किलोमीटरच्या आसपास. आमच्याकडचा नाटकवेडा पोरगा रात्रीच्या गाडीनं यातल्या कोणत्याही टोकाला जाऊ शकतो. मुंबईत त्याला सांगतात, तुझ्या मराठीत कानडी हेल येतोय, तो काढ. बेंगळुरूत सांगतात, तुझं कन्नड धारवाडकडचं आहे, त्यातही मराठी वास मारतोय, ते सुधार. तो बिचारा दोन्हीकडे जीभ घासत बसतो. मग एक दिवस फोन येतो, की तोच हेल पाहिजे, जरा वाढवूनच पाहिजे, कारण विनोदी आचाऱ्याचा रोल आहे. किंवा घरमालकाचा. किंवा 'अण्णा'चा. गंभीर बोलायचं असेल तर प्रमाण भाषा, हसवायचं असेल तर बेळगावी. कन्नड सिनेमातही उत्तर कर्नाटकाच्या बोलीची हीच गत असल्याची तक्रार हुबळी-धारवाडचे लोक वर्षानुवर्षं करत आले आहेत. सीमाप्रश्नावर आमची आणि त्यांची तोंडं दोन दिशांना असतात, पण या एका दुखण्यावर आम्ही एकाच बाकावर बसलो आहोत.

याचा दोष काही लोक पु. लं.च्या माथी मारतात. पु. ल. देशपांडे बेळगावात राणी पार्वतीदेवी कॉलेजात शिकवत होते. इथल्या एका नाटकवेड्या, शिवराळ, दिलदार रावसाहेबांना त्यांनी असं उभं केलं की महाराष्ट्रभर बेळगावचा माणूस म्हटला की तोच आवाज कानात घुमतो. दोष त्यांचा नाही. त्यांनी माणूस लिहिला आणि त्या माणसाबरोबर त्याची बोली आली. त्याचं प्रेम, त्याचं एकटेपण, गाण्याचा कान, सगळं त्या बोलीतून आलं. नंतरच्या लोकांनी माणूस तिथंच ठेवला आणि फक्त हेल उचलला. 'की हो' आणि 'न्हवं' एवढं पेरलं की बेळगाव झालं, अशी त्यांची समजूत. आमच्या बोलीत माणसं मरतात, कर्ज फेडतात, सुनेला बोलतात, कोर्टाच्या तारखांना जातात. 'काय करूलास?' हा प्रश्न आमच्याकडे आई आजारी पोराला विचारते तेव्हा तो विनोदी नसतो, हे कॅमेऱ्याला कधीतरी कळायला हवं.

यावर एक आक्षेप मी अनेकदा ऐकला आहे आणि तो फेकून देण्याजोगा नाही. चांगला नट तोच, जो आपली बोली पुसू शकतो; खडकलाटची मुलगी अख्ख्या देशाची आई झाली ती पुसता आली म्हणूनच. खरं आहे. कसब म्हणून हे यायलाच हवं. पण पुसणं आणि पुसायला लागणं यांत फरक आहे. पुण्याच्या सदाशिव पेठेतल्या नटाला 'तुझं पुणं काढ' असं ऑडिशनला कुणी सांगत नाही. त्याचं पुणं हीच भाषा समजली जाते. ज्याला पुसावं लागत नाही त्याला पुसण्याच्या कसबाचं कौतुक फार असतं, हे आपलं माझं निरीक्षण.

आणि दुसऱ्या बाजूचे पुरावेही आता आले आहेत. २०१६ च्या 'सैराट'नं करमाळ्याकडची बोली थेट नायक-नायिकेच्या तोंडी दिली आणि कुणाला अर्थ लागला नाही असं झालं नाही. उलट ती बोली मुंबईची पोरं बोलायला लागली. कन्नडमध्ये 'तिथी' मंड्याकडच्या खेड्यातली, कधी अभिनय न केलेली माणसं घेऊन केला गेला आणि तो जगभर पाहिला गेला. आमच्या चिकोडी, हुक्केरी, खानापूरच्या बोलीला असा सिनेमा अजून मिळायचा आहे. वाद मात्र भरपूर मिळाला. सीमावादावरचा महाजन आयोगाचा १९६७ चा अहवाल, सर्वोच्च न्यायालयातला २००४ पासूनचा दावा, दर १ नोव्हेंबरला एका गल्लीत राज्योत्सव आणि दुसऱ्या गल्लीत काळा दिन. एवढं नाट्य ज्या भागात रोजचं आहे, तिथली माणसं पडद्यावर आली की निव्वळ तोंडी लावणं होतात, याची मला गंमत वाटते आणि चीडही येते.

खरं तर दुय्यम भूमिकांच्या धंद्यात सीमाभागाच्या माणसासारखा लायक माणूस नाही. नायक एका भाषेचा कैदी असतो. त्याचा चाहता वर्ग, त्याचे बॅनर, त्याच्या वाढदिवसाचे दुधाचे अभिषेक हे सगळं एका राज्यात बांधलेलं. चरित्र अभिनेत्याला हे लोढणं नसतं, म्हणून तोच सीमा ओलांडतो. अतुल कुलकर्णींचं बघा. जन्म कर्नाटकात दावणगेरेला, वाढले सोलापुरात. 'हे राम' आणि 'चांदनी बार'साठी सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार दोनदा मिळवला, आणि मराठी-हिंदीबरोबर कन्नड चित्रपटांतही कामं केली. चरणराज तर आमच्या बेळगावातच जन्मले. कन्नड, तेलुगू, तमिळ असा त्यांचा प्रवास झाला आणि १९८७ च्या 'प्रतिघात'मधला खलनायक हिंदीवाल्यांच्याही लक्षात राहिला. किती बेळगावकरांना हे नाव आपल्या गावचं म्हणून माहीत आहे, कॅम्पात नाहीतर टिळकवाडीत विचारून पाहा. नायक असते तर चौकात कट-आउट लागलं असतं.

बेळगावचं साधं पोर घरी मराठी बोलतं, बाजारात कन्नड, गॅरेजवर दख्खनी हिंदी, आणि आजोळ खानापूरच्या जंगलाकडचं असेल तर कोकणीही. एवढं भांडवल मुंबईच्या अभिनय शाळेत लाखो रुपये भरून मिळत नाही. आता तर वेब मालिका एकाच वेळी चार भाषांत निघतात. 'अखिल भारतीय' म्हणून जे महाकाय चित्रपट येतात, त्यांत प्रत्येक भाषेचा एकेक ओळखीचा दुय्यम नट मुद्दाम घेतात. मागणी आहे. तरी आमच्या पोरांना तिचा फायदा मिळत नाही, कारण मधला माणूस, म्हणजे कोऑर्डिनेटर, मुंबईत किंवा बेंगळुरूत बसतो आणि त्याच्या फोनमध्ये बेळगाव नसतं.

इथं डबिंगबद्दल एक आडवळण घेतो. कर्नाटकात परभाषी चित्रपट कन्नडमध्ये डब करायला चित्रपटसृष्टीनं कित्येक दशकं अटकाव केला. २०१५ मध्ये स्पर्धा आयोगानं, म्हणजे बाजारातली मक्तेदारी रोखणाऱ्या केंद्राच्या संस्थेनं, त्याविरुद्ध निकाल दिला. प्रेक्षकाच्या हक्काच्या बाजूनं तो निकाल योग्यच होता. पण डबिंगला बंदी होती तेव्हा दुसऱ्या भाषेतला गाजलेला सिनेमा नव्यानं करावा लागायचा, आणि प्रत्येक रिमेकमागे तीस-चाळीस स्थानिक दुय्यम नटांची चूल पेटायची. डबिंगमध्ये ते तीस-चाळीस उरत नाहीत, चार-पाच आवाज उरतात. मी बंदी परत आणा म्हणत नाही. एवढंच म्हणतो की तो वाद झाला तेव्हा भाषेच्या अस्मितेवर दोन्ही बाजूंनी घसे कोरडे केले गेले आणि ज्यांचं काम जाणार होतं ते कुणाच्याच भाषणात नव्हते.

आता नावाकडे येतो, कारण माझ्या मते गाडी तिथंच अडली आहे.

दुय्यम नटाच्या कौतुकाची आपली पद्धत म्हणजे पुरस्कार आणि सत्कार. त्यातही तो उशिराच पोचतो. फिल्मफेअरनं सहायक भूमिकांसाठी १९५५ पासून पुरस्कार दिले, पण राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट अभिनेता-अभिनेत्री १९६७ च्या चित्रपटांपासून आणि सहायक कलाकार थेट १९८४ च्या चित्रपटांपासून. मधली सतरा वर्षं देशाच्या लेखी पडद्यावर फक्त नायक-नायिकाच अभिनय करत होते. ज्या वर्षी दार उघडलं, त्या वर्षी सहायक अभिनेत्रीचा मान 'पार्टी'साठी रोहिणी हट्टंगडींना मिळाला, म्हणजे मराठी रंगभूमीच्या बाईला, हे आपल्याला सुखावणारं. पण पुरस्कारानं इस्पितळाचं बिल भागत नाही. ए. के. हंगल यांना २००६ ला पद्मभूषण मिळालं आणि २०११ मध्ये औषधपाण्याला पैसे नाहीत अशी त्यांची बातमी आली, मग सिनेमावाले मदतीला धावले. पन्नाशीत सिनेमात आलेला, दोनशेच्या आसपास चित्रपट केलेला हा माणूस. त्याच्या चेहऱ्यावर पिढ्या रडल्या आणि त्याचं म्हातारपण वर्गणीवर गेलं. कोल्हापूरचे गणपत पाटील तमाशापटांतल्या नाच्याच्या भूमिकेत असे चिकटवले गेले की दुसरं काही करायला त्यांना फारसं कुणी बोलावलंच नाही. तो शिक्का पडदा उतरल्यावरही त्यांच्या मागं राहिला. अशा माणसाला शेवटी शाल देऊन काय होतं? थंडीही जात नाही, शाल तेवढी पातळ असते.

सत्काराचा मोह आम्हा सीमावासीयांना जरा जास्तच. कडोली, उचगाव, येळ्ळूर, बेळगुंदी इथं होणारी साहित्य संमेलनं मला प्रिय आहेत, मराठी टिकवायचं फार मोठं काम त्यांनी केलं आहे. पण पाहुणा म्हणून कोण पाहिजे असं ठरवायची वेळ आली की पहिलं नाव मालिकेतल्या नायकाचं येतं. त्याचं मानधन, गाडी, हॉटेल, सगळं जमवतो. आणि ज्यानं गावच्या नाटकांत बाप, सरपंच, वेडा भिकारी अशी कामं करत हयात घालवली आणि कधीतरी कोल्हापूरकडच्या शूटिंगला चार दिवस जाऊन आला, तो मांडवात खुर्च्या मांडत असतो. एका सरकारनं सन्मान दिला तर दुसऱ्याच्या डोळ्यात खुपेल, ही भीती वेगळीच. या ओढाताणीतून कुठलं सरकार कधी शहाणं होईल याची मी वाट पाहत नाही.

वाट न पाहता मिळण्यासारखी एक गोष्ट आहे, आणि ती दोन्ही राज्यांच्या वादाबाहेर आहे: लेखी करार.

१९८१ साली केंद्रानं सिने-कामगारांच्या रोजगाराचं नियमन करणारा कायदा केला. कथापटात ठरावीक रकमेपेक्षा कमी मोबदल्यावर काम करणाऱ्याला, नट धरून, लेखी कराराशिवाय कामावर घेता येणार नाही आणि तो करार अधिकाऱ्याकडे नोंदवला पाहिजे, असं त्यात स्वच्छ लिहिलं होतं. म्हणजे कायद्याची ढाल मुद्दाम लहान माणसासाठी होती, बड्या नटाला तिची गरजच नव्हती. पुढे तो कायदा २०२० च्या व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कामाच्या स्थितीविषयक संहितेत सामावला गेला. त्यात दूरचित्रवाणी आणि वेब मालिका आल्या, डबिंग करणारे कलाकारही आले. आता विचारा, चार दिवसांच्या रोलला गेलेल्या कुणाही पोराला, की बाबा, तुझ्या करारावर काय लिहिलं होतं? तो हसतो. मी विचारलेल्यांपैकी एकजण म्हणाला, 'कागद कसला साहेब, फोनवर बोललेत की हो.' फोनवर दिवसाचे पैसे ठरतात. 'ट्रॅव्हलिंग आपलं आपण' हेही फोनवरच. पैसे नव्वद दिवसांनी, हा मालिकांच्या जगातला रिवाज. चौथ्या महिन्यात तोच फोन उचलला जात नाही.

याहून महत्त्वाची गोष्ट कॉपीराइट कायद्यात दडली आहे, आणि ती आमच्या नटांपैकी जवळपास कुणालाच माहीत नाही. २०१२ च्या दुरुस्तीनं कलाकाराला स्वतःच्या सादरीकरणावर हक्क दिले. त्याच्या कामाचा व्यापारी वापर झाला तर त्याला मानधनापलीकडे रॉयल्टीचा हक्क आहे, आणि आपण हे काम केलं अशी ओळख सांगण्याचा हक्कही आहे. मात्र सोबत एक मेख मारून ठेवली आहे. चित्रपटात ज्याचं काम किरकोळ किंवा प्रासंगिक असेल आणि धंद्याच्या रिवाजाप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीत किंवा कुठंच येत नसेल, तो या कायद्याच्या दृष्टीनं कलाकारच नव्हे. कुणी त्याच्या कामाची मोडतोड केली तर तेवढी हरकत घेण्याची मुभा त्याला उरते, बाकी शून्य.

म्हणजे टायटलमध्ये नाव यावं ही नटाची हौस आहे असं जे आपण समजत आलो, ते चूक आहे. नाव हा हक्काचा उंबरठा आहे. शेवटी काळ्या पडद्यावर मुंग्यांसारखी वर सरकणारी ती अक्षरं, ज्यांच्याकडे पाठ करून आपण चपला शोधत असतो, तिथं ज्याचं नाव आलं तो कायद्याच्या घरात आला. न आलेल्याला आपण कोण आहोत हेसुद्धा आधी सिद्ध करावं लागेल. वेब मालिकांच्या काळात ही अक्षरंही धडपणे दिसत नाहीत. पुढचा भाग सुरू करायचं बटण तिथंच उगवतं. आता हे खरं की रॉयल्टी गायकांना काही अंशी मिळू लागली, नटांना ती हातात पडल्याची उदाहरणं दाखवणं कठीण आहे. कायद्यातला हक्क आणि खात्यातले पैसे यांच्यामध्ये संघटना लागते, ताकद लागते. पण उद्या ती ताकद उभी राहिली तर पैसे वाटताना यादी कुठली काढणार? श्रेयनामावलीच. ज्याचं नाव आज गळलं त्याला उद्याही वाटा नाही.

या बाबतीत आमच्या गावजत्रांतल्या नाटकांकडून सिनेमावाल्यांनी शिकावं. खानापूर, बेळगावच्या खेड्यांत यात्रेला नाटक बसतं तेव्हा हँडबिल छापतात. त्यावर खलनायकाच्या साथीदाराचं नाव असतं, दारात उभ्या राहणाऱ्या द्वारपालाचं असतं, हार्मोनियमवाल्याचं, प्रॉम्प्टरचं, पडदे-लाइट पुरवणाऱ्याचं असतं. कुणाचं नाव राहिलं तर पुढच्या वर्षी तो तालमीला येत नाही आणि त्याची भावकी वर्गणी देत नाही. म्हणून राहत नाही. हा शिरस्ता जुना आहे आणि दोन्ही भाषांतल्या नाटकवाल्यांचा आहे. ज्या अण्णासाहेब किर्लोस्करांनी १८८० ला पुण्यात 'शाकुंतल' करून मराठी संगीत नाटकाचा पाया घातला, ते जन्मले गुर्लहोसूरला, आजच्या बेळगाव जिल्ह्याच्या कन्नड मुलखात. कन्नड कंपनी नाटकांचे भीष्म एणगी बाळप्पा शंभरी ओलांडून २०१७ ला गेले, तेही याच जिल्ह्यातल्या एणगीचे. दोन भाषांच्या रंगभूमींची मुळं एका जिल्ह्यात शेजारी-शेजारी रुजली आहेत, आणि नाटक कंपनीच्या जगात दुय्यम नटाचं स्थान पक्कं असे. त्याच्यावाचून प्रयोग उभा राहत नाही हे मालकाला रोज रात्री दिसायचं. सिनेमात ते संपादनाच्या टेबलावर ठरतं, आणि तिथं द्वारपाल हजर नसतो.

'आता चरित्र अभिनेत्यांना चांगले दिवस आलेत' असं कुणी म्हणालं की मी त्यांना नावं मोजायला सांगतो. मोजणी एका हाताच्या बोटांवर थांबते, फार तर दोन्ही हातांच्या. ते मोठे नट आहेत, त्यांचं यश त्यांनी कमावलं आहे, पण ते आता दुय्यम राहिलेलेच नाहीत, सिनेमा त्यांच्या नावावर विकला जातो. त्यांच्याकडे बोट दाखवून उरलेल्या हजारोंचं बरं चाललंय असं म्हणणं म्हणजे निपाणीच्या चार व्यापाऱ्यांचे बंगले दाखवून विडी वळणाऱ्या बायांची स्थिती सुधारली असं सांगण्यासारखं आहे.

निर्मात्यांची बाजू मला ठाऊक आहे. मराठी सिनेमाचं बजेट तुटपुंजं, थिएटर मिळत नाही, शुक्रवारी लागलेला सिनेमा सोमवारी उतरतो. आमच्याकडे तर सीमाप्रश्न तापला की आधी एसटी अडते आणि मग मराठी सिनेमाचा खेळ धोक्यात येतो. अशा धंद्यात चार दिवसांच्या नटाशी करार करत बसायला वेळ कुणाला? पण मी मागतो आहे त्याला पैसे लागत नाहीत. एक पान लागतं. त्यावर भूमिकेचं नाव, कामाचे दिवस, दिवसाची रक्कम, ती कोणत्या तारखेपर्यंत मिळणार ते, प्रवास-मुक्काम कुणाकडे, आवाज नटाचाच राहणार की दुसऱ्याकडून डब करणार, आणि श्रेयनामावलीत नाव कसं लिहायचं ते. शेवटचा मुद्दा आमच्या भागात नीट लिहून घ्यावा लागतो, कारण कन्नड कागदपत्रांत वडिलांचं नाव पुढे येतं आणि मराठीत आडनाव पाहिजे असतं, आणि मग एकच माणूस दोन सिनेमांत दोन नावांनी जातो.

हे पान इथल्या नाट्यसंस्थांनी मराठीत आणि कन्नडमध्ये छापून ठेवावं. टिळकवाडीच्या वरेरकर नाट्य संघापासून गावोगावच्या हौशी मंडळांपर्यंत, ज्यांच्याकडे पोरं तालमीला येतात, त्यांनी पहिल्याच आठवड्यात ते पोरांच्या हातात द्यावं आणि समजावून सांगावं. शूटिंगचं बोलावणं आलं की मोबाइलवर त्याचा फोटो पाठवायचा आणि म्हणायचं, साहेब, एवढं भरून पाठवा, मी गाडीत बसतो. काहीजण भरतील. काहीजण दुसरा नट बघतील, आणि सुरुवातीला हे दुसरेच जास्त असतील, हे मी पोरांपासून लपवणार नाही. म्हणून एकट्यानं मागून भागणार नाही. बेळगाव, निपाणी, चिकोडी, खानापूरच्या सगळ्यांनी, मराठी असो की कन्नड, एकच पान मागितलं पाहिजे. बोलीचा हेल हवा म्हणून फोन करणाऱ्याला तो हेल दुसरीकडे मिळत नाही, आणि भाव करायला आमच्या हातात एवढं एक आहे.